सर्व्हरचा पत्ता टाकून थेट जोडणी: माइनक्राफ्ट, रस्ट, व्हॅलहाइम, आर्क (खान्देशातल्या नेटसकट)

गिरणाकाठ

गेमच्या यादीत मित्राचा सर्व्हर शोधत बसणं म्हणजे वेळेचा सत्यानाश. रस्ट किंवा आर्कची यादी हजारोंची, फिल्टर लावले तरी नाव वर येत नाही. घरच्या लॅपटॉपवर चार जणांसाठी चालवलेला सर्व्हर तर कित्येकदा यादीत उतरतच नाही. पत्ता आणि पोर्ट (त्या मशीनवरच्या दाराचा नंबर) हातात असेल तर सरळ आत शिरता येतं. हेच विचारणारे व्यनि (व्यक्तिगत निरोप) चाळीसगाव, शिरपूर, सावदा आणि आता नवापूरहूनही यायला लागले, म्हणून एकदाचा धागाच काढतो.

पत्ता म्हणजे आयपी किंवा डोमेनचं नाव, लगेच कोलन, लगेच पोर्ट. मधे स्पेस नको. व्हॉट्सअ‍ॅपवरून कॉपी करताना शेवटी एक स्पेस चिकटून येते, ती आधी पुसा. मी इथे आकडे देवनागरीत लिहितोय, गेमच्या चौकटीत इंग्रजीच टाका.

माइनक्राफ्ट जावा: मल्टिप्लेयर, मग डायरेक्ट कनेक्शन. पोर्ट २५५६५ असेल तर लिहायची गरज नाही, गेम तोच धरून चालतो. बेडरॉकमध्ये (मोबाइल, विंडोज) सर्व्हर्सच्या टॅबवर पार खाली 'अ‍ॅड सर्व्हर' आहे, तिथे पत्त्याची आणि पोर्टची चौकट वेगवेगळी. नेहमीचा पोर्ट १९१३२. बेडरॉकवाल्याला जावाच्या सर्व्हरवर यायचं असेल तर सर्व्हरवाल्याने गायझर (दोन्ही आवृत्त्यांमधला दुभाषा प्रोग्रॅम) बसवलेलं हवं. जावावाल्याला बेडरॉकच्या सर्व्हरवर जायला मात्र तसं सोपं काही नाही.

रस्ट: एफ१ दाबून कन्सोल उघडा, 'क्लायंट डॉट कनेक्ट' लिहा, स्पेस, मग पत्ता-कोलन-पोर्ट. नेहमीचा पोर्ट २८०१५. व्हॅलहाइममध्ये पात्र निवडल्यावर जॉइन गेमच्या पानावर पत्ता टाकता येतो, पोर्ट २४५६. सेव्हन डेज टू डाय २६९००, प्रोजेक्ट झोम्बॉइड १६२६१, पालवर्ल्ड ८२११, डेझी २३०२ (डेझीचं काम लाँचरमधून). हे सगळे नेहमीचे आकडे झाले. सर्व्हरवाल्याने बदलले असतील तर तो सांगेल ते खरं. भाड्याच्या सर्व्हरवर पोर्ट बहुधा वेगळाच असतो, कारण एकाच मशीनवर बऱ्याच गिऱ्हाइकांचे सर्व्हर बसवलेले असतात.

जुन्या आर्कचं (सर्व्हायव्हल इव्हॉल्व्ड) जरा वाकडं आहे. गेमचा पोर्ट ७७७७ आणि चौकशीचा, म्हणजे क्वेरी पोर्ट २७०१५. स्टीमच्या व्ह्यू मेनूतून गेम सर्व्हर्स उघडून फेव्हरिट्समध्ये पत्ता घालता तेव्हा तिथे क्वेरी पोर्ट लागतो. लोक ७७७७ टाकतात, काही दिसत नाही, आणि 'सर्व्हर बंद आहे रे' म्हणून मोकळे होतात.

अडलं की इथेच विचारा. स्वतःचा खरा पत्ता मात्र धाग्यात टाकू नका.

भुसावळ_लोको

मस्त धागा. माझं असं आहे: माइनक्राफ्ट जावाचा सर्व्हर माझ्या पीसीवर. त्याच पीसीवरून लोकलहोस्ट (म्हणजे 'हेच मशीन') टाकलं की लगेच जोडतं. धाकट्याच्या लॅपटॉपवरून १९२.१६८.१.७ टाकलं तरी जोडतं. जळगावच्या मित्राला तोच १९२.१६८.१.७ दिला तर 'कनेक्शन टाइम्ड आउट'. दोघांकडे फायबर आहे, नेटला काही धाड भरलेली नाही.

रात्रपाळी_एनओसी

भाऊ, १९२.१६८ ने सुरू होणारा पत्ता तुमच्या घराबाहेर चालतच नाही. १० ने सुरू होणारे, १७२.१६ ते १७२.३१ आणि १९२.१६८ हे तीन गट १९९६ पासून खासगी जाळ्यांसाठी राखून ठेवलेत. तुमच्या मित्राच्या घरातही एखादा १९२.१६८.१.७ असेल, कदाचित त्याच्या आईचा फोन. त्याचा गेम तिथेच जाऊन दार वाजवतोय.

बाहेरच्याला तुमचा सार्वजनिक पत्ता द्यावा लागेल, आणि त्या पत्त्यावर २५५६५ ला आलेलं सगळं १९२.१६८.१.७ कडे पाठव असं राउटरला सांगावं लागेल. यालाच पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात. पण त्याचे व्हिडिओ बघत रात्र घालवायच्या आधी एक गोष्ट तपासा, कारण आपल्या भागात बहुतेकांचं घोडं तिथेच पेंड खातं.

राउटरचं पान उघडा (पत्ता राउटरच्या खालच्या स्टिकरवर असतो) आणि वॅन आयपी (राउटरला बाहेरून मिळालेला पत्ता) काय दाखवतंय ते कागदावर लिहा. मग ब्राउझरमध्ये 'माझा आयपी' सांगणारी कुठलीही साइट उघडा. दोन्ही आकडे तंतोतंत सारखे असतील तर नशीबवान आहात, फॉरवर्डिंग चालेल. वेगळे असतील, आणि राउटरवरचा आकडा १००.६४ ते १००.१२७ या टप्प्यात असेल, तर तुम्ही सीजीनॅटच्या मागे आहात, म्हणजे कंपनीने एकाच सार्वजनिक पत्त्यामागे अनेक घरं बसवलीत. मग राउटरमध्ये कितीही पोर्ट उघडा, पालथ्या घड्यावर पाणी.

कारण साधं आहे. जुन्या पद्धतीचे पत्ते, म्हणजे आयपीव्ही४, सगळे मिळून सुमारे ४२९ कोटी. आशिया-पॅसिफिकच्या वाट्याचा मोकळा साठा एप्रिल २०११ मध्ये तळाला गेला आणि तेव्हापासून वाटप रेशनवर आहे. कंपन्यांनी मग एका सार्वजनिक पत्त्यामागे अनेक घरं बसवायला सुरुवात केली. त्या मधल्या जाळ्यासाठी २०१२ मध्ये १००.६४ चा गट वेगळा काढला. तुम्ही बाहेर जाता तेव्हा कंपनीचं यंत्र लक्षात ठेवतं की ही विचारणा अमक्या घरातून निघाली, म्हणून उत्तर परत येतं. बाहेरून कुणी आपण होऊन आलं तर? अख्ख्या गावाची पत्रं ग्रामपंचायतीच्या पत्त्यावर आली आणि पाकिटावर नावच नाही, तर पोस्टमन काय करणार. तसं ते पाकीट तिथेच पडतं.

भुसावळ_लोको

राउटरवर १००.८१ ने सुरू होणारा आकडा आहे. साइटवर वेगळाच.

रात्रपाळी_एनओसी

मग सीजीनॅट. पोर्ट फॉरवर्डिंगला हात लावू नका.

बापू_पाचोरा

आमच्या नेटवाल्याला मी हेच विचारलं. त्याचा माणूस म्हणाला, "असं काही नसतं काका, राउटर बंद करून चालू करा." मी केलं. परत फोन केला तर म्हणे, "गेमचाच प्रॉब्लेम असेल, पोराला अभ्यासाला बसवा." आता पोरगा पुण्यात नोकरीला आहे, इथे खेळणारा मीच! निवृत्तीनंतर झोम्बॉइडमध्ये शेती करतोय, तिथे निदान बोंडअळी नाही.

गिरणाकाठ

बापू, दंडवत!

फोन उचलणाऱ्या पोराला सीजीनॅट माहीत असेलच असं नाही. त्याला 'स्टॅटिक आयपी' किंवा 'पब्लिक आयपी' हवा असं म्हणा, तो शब्द त्यांच्या दरपत्रकात असतो. काही जण महिन्याला जादा पैसे घेऊन देतात, काही फक्त धंद्याच्या प्लॅनवर, आणि काही मुळीच नाही. गावातल्या छोट्या केबलवाल्याकडे तर तो वरून ज्याच्याकडून नेट घेतो त्याच्यावरच सगळं अवलंबून. पैसे भरायच्या आधी 'येणारी जोडणी चालेल ना, पोर्ट अडवत नाही ना' हे लिहून घ्या. पत्ता स्टॅटिक, म्हणजे न बदलणारा, मिळाला तरी तो सार्वजनिकच असेल असं नाही, हे तिथे कुणी सांगत नाही.

पारोळेकर

भो, मना राउटर काकासना राउटरले जोडेल शे. वॅनमा १९२.१६८.०.१२ दखास. हाई बी सीजीनॅट शे का?

रात्रपाळी_एनओसी

नाही हो, हे घरातलंच त्रांगडं. तुमच्या राउटरच्या वर काकांचा राउटर, म्हणजे एकावर एक दोन राउटर, म्हणून तुमच्या वॅनला काकांच्या घरातला खासगी पत्ता मिळालाय. आधी काकांच्या राउटरचा वॅन आयपी बघा. तो खरोखर सार्वजनिक असेल तर दोन वाटा. काकांच्या राउटरवरून तुमच्या राउटरकडे आणि तुमच्याकडून पीसीकडे असं दोनदा फॉरवर्ड करा, किंवा तुमचा राउटर अ‍ॅक्सेस पॉइंट मोडवर टाका, मग तो मधे पत्ते वाटत बसणार नाही. दुसरी वाट बरी. काकांच्या राउटरचा पासवर्ड मात्र काकांकडूनच घ्या.

पारोळेकर

काकाले इचारीसन सांगस.

यावल_रायडर

सीजीनॅटवर टनेल (मधल्या कंपनीच्या सर्व्हरमार्गे जोडणी) वापरा ना, कशाला एवढी डोकेफोड. प्लेइट (तशी एक सेवा) लावलं, एक पत्ता मिळाला, ग्रुपवर टाकला, सगळे आत. मित्रांना काही बसवावं लागत नाही. खर्चही नाही.

तोरणमाळ_धुकं

टनेलने काम होतं, पण पिंग (जाऊन-येऊन लागणारा वेळ) बघितलास का? मी शहाद्यात आणि मित्र तळोद्यात, आणि पॅकेट (माहितीचा तुकडा) फिरून येतं परदेशातून. माइनक्राफ्टमध्ये विटा रचताना कळत नाही. तलवार चालवायला घेतली की कळतं.

यावल_रायडर

सिंगापूर काय लांब आहे. फायबरमधून प्रकाशाच्या वेगाने जातं सगळं.

रात्रपाळी_एनओसी

प्रकाशाच्याच वेगाने जातं, पण काचेतून. काचेत तो वेग सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटरवर येतो. मुंबई ते सिंगापूर सरळ रेषेत जवळजवळ ३९०० किलोमीटर. जाऊन-येऊन ७८००, म्हणजे ३९ मिलिसेकंद, तेही केबल सरळ रेषेत टाकली असं धरून. समुद्रातली केबल वळसे घेत जाते, मधे राउटर बसलेत, म्हणून प्रत्यक्षात त्याहून बरंच जास्त दिसणार. खाली येण्याचा प्रश्नच नाही, कितीही महागडा प्लॅन घ्या. युरोपचं अंतर तर याच्या दीडपटीहून जास्त.

आता टनेल सिंगापूरला असेल तर तळोद्याच्या मित्राचं पॅकेट सिंगापूरला जातं, तिथून शहाद्याला येतं, आणि उत्तर त्याच वाटेने परत. म्हणजे समुद्र चार वेळा ओलांडला. १५० मिलिसेकंद तर धरूनच चाला.

आणखी एक गंमत. भुसावळ आणि जळगाव रेल्वेने पंचवीस किलोमीटर. पण दोघांचे नेटवाले वेगळे असतील तर पॅकेट बहुतेक वेळा मुंबईला जाऊन परत येतं, कारण दोन जाळी एकमेकांना तिथे भेटतात. तरी ते पाच-पंचवीस मिलिसेकंदांचं काम आहे, त्याने खेळ बिघडत नाही.

टनेल घ्यायचाच असेल तर भारतातलं ठिकाण निवडता येतं का ते आधी बघा.

केळीवाला_रावेर

आम्ही टेलस्केल वापरतो. सगळ्यांनी बसवायचं, एकाच जाळ्यात यायचं, मग प्रत्येकाला आपापला पत्ता मिळतो आणि तोच गेममध्ये टाकायचा. जमलं तर दोन मशीन थेट बोलतात, मधे कुणी नाही, त्यामुळे पिंग टनेलपेक्षा बरा. झिरोटियरही तसंच.

एक शंका. माझ्या टेलस्केलचा पत्ता १००.९० ने सुरू होतोय. वर वाचलं त्याप्रमाणे मग हेही सीजीनॅट का?

रात्रपाळी_एनओसी

भारी पकडलंत. टेलस्केल मुद्दाम त्याच १००.६४ च्या गटातले पत्ते वाटतं, कारण ते घरच्या १९२.१६८ शी टकरत नाहीत. म्हणजे एकसारखा दिसणारा आकडा दोन ठिकाणी भेटतो. राउटरच्या वॅनवर दिसला तर कंपनीचं सीजीनॅट, आणि टेलस्केलच्या खिडकीत दिसला तर तुमचं आपलं खासगी जाळं, तो मित्राला खुशाल द्या. फक्त तो मित्रही त्याच जाळ्यात हवा, नाहीतर टाइम्ड आउट.

शहाद्याची_मावशी

मला यातलं अर्धं कळलं नाही. माझी मुलगी टॅबवर माइनक्राफ्ट खेळते, धुळ्याची मावसबहीण फोनवर. दोघींना एकत्र खेळायचंय. हे सगळं सीजीनॅट वगैरे मला करावं लागेल का?

गिरणाकाठ

ताई, अजिबात नाही. टॅब आणि फोन म्हणजे दोघी बेडरॉकवर. दोघींची मायक्रोसॉफ्ट खाती काढा (लहान मुलींची खाती तुमच्या कुटुंब-गटात घालून मल्टिप्लेयरची परवानगी द्यावी लागते, बहुतेक जण तिथेच अडतात), एकमेकींना मित्रयादीत घ्या. जिचं जग आहे तिने ते उघडून ठेवलं की दुसरीला फ्रेंड्समध्ये दिसेल. पत्ता, पोर्ट काही नको. आखाजीला एका घरी आल्या तर एकाच वायफायवर आपोआप दिसतील.

शहाद्याची_मावशी

परवानगीच बंद होती. चालू केली, झालं. खूप आभार. आता टॅब परत कसा घ्यायचा त्याचाही धागा काढा.

अमळनेर_अप्पा

मोबाइलच्या हॉटस्पॉटवर सर्व्हर चालवता येतो का? आमच्या मळ्यात फायबर नाही.

रात्रपाळी_एनओसी

मोबाइल डेटा म्हणजे सीजीनॅट धरूनच चाला. आयपीव्ही६ चा, म्हणजे नव्या पद्धतीचा, पत्ता बहुधा मिळतो, आणि माइनक्राफ्ट जावामध्ये तो चौकोनी कंसात टाकताही येतो, पण बाहेरून येणारी जोडणी बहुतेक वेळा कंपनीच्या बाजूलाच अडते. अप्पा, तुम्ही सर्व्हर चालवू नका, दुसऱ्याच्या सर्व्हरवर जा. जाण्यासाठी हॉटस्पॉट पुरतो.

घरी फायबर असेल तर आयपीव्ही६ नक्की करून बघण्यासारखं आहे. तिथे सीजीनॅटची भानगड नाही, प्रत्येक मशीनला स्वतःचा सार्वजनिक पत्ता. राउटरच्या फायरवॉलमध्ये (नको त्या जोडण्या अडवणाऱ्या पहाऱ्यात) तेवढा पोर्ट मोकळा करावा लागतो. अट एकच, जोडणाऱ्याकडेही आयपीव्ही६ हवं.

धुळे_पांझरा

माझ्याकडे सार्वजनिक पत्ता आहे, फॉरवर्डिंग केलंय, तरी गडबड. पोर्ट तपासणारी साइट 'बंद' म्हणते. गेम व्हॅलहाइम.

रात्रपाळी_एनओसी

त्या साइटवर विश्वास ठेवू नका. त्या बहुतेक टीसीपी तपासतात, आणि व्हॅलहाइम यूडीपीवर चालतो (माहिती पाठवायच्या या दोन वेगळ्या पद्धती). पॉवरशेलमधलं टेस्ट-नेटकनेक्शनही फक्त टीसीपी बघतं. सर्व्हर ठणठणीत असला तरी दोन्ही 'नाही' म्हणणार. राउटरमध्ये नियम टाकताना यूडीपी निवडलंय का ते बघा, आणि २४५६ बरोबर २४५७ सुद्धा उघडा.

साधा पिंग (मशीनला नुसती हाक मारून बघणं) तर त्याहून फसवा. पिंगला उत्तर आलं म्हणजे मशीन जागं आहे एवढंच. पोर्टबद्दल तो काही सांगत नाही. कितीतरी राउटर पिंगला उत्तरच देत नाहीत, तरी सर्व्हर चालू असतो.

गेम काय म्हणतोय ते शब्द न शब्द वाचा. लोक 'एरर येतेय' एवढंच लिहितात. माइनक्राफ्ट जावामध्ये 'कनेक्शन रिफ्यूज्ड' आलं तर बरी बातमी आहे: पॅकेट कुठल्यातरी मशीनपर्यंत पोचलं आणि तिथून नकार आला, कारण त्या पोर्टवर कुणी ऐकत नाही. म्हणजे सर्व्हर सुरू नाही, किंवा पोर्ट चुकला. 'टाइम्ड आउट' म्हणजे कुणी उत्तरच दिलं नाही: पत्ता चुकला, सीजीनॅट आहे, किंवा फायरवॉलने गुपचूप गिळलं. 'अननोन होस्ट' आलं तर नावावरून पत्ताच निघाला नाही, तेव्हा स्पेलिंग बघा. 'आउटडेटेड' म्हणालं, 'फेल्ड टू व्हेरिफाय यूजरनेम' म्हणालं किंवा व्हाइटलिस्टवर (परवानगी दिलेल्या नावांच्या यादीत) नाही म्हणालं, तर नेटवर्कचं काम झालेलं आहे, तुम्ही सर्व्हरशी बोलताय, पुढचं आवृत्तीचं किंवा खात्याचं. त्यानंतरही राउटरमध्ये खुडबुड करणारे बघितले की हात जोडावेसे वाटतात.

यूडीपीच्या गेममध्ये एवढी बारकाई नाही. तिथे काहीही बिघडलं तरी नुसती वाट बघत बसतो.

धुळे_पांझरा

यूडीपी केलं. आता पुण्याचा मित्र आत आला! पण गंमत म्हणजे मीच माझ्या सार्वजनिक पत्त्याने जाऊ शकत नाही.

गिरणाकाठ

ते तसंच राहू द्या. घरातून निघून बाहेरच्या पत्त्याला हात लावून परत घरात येणं (त्याला नॅट लूपबॅक म्हणतात) बऱ्याच राउटरना जमत नाही. सर्व्हर त्याच पीसीवर असेल तर १२७.०.०.१, घरातल्या दुसऱ्या मशीनवर असेल तर १९२.१६८ वाला पत्ता. बाहेरच्यांना सार्वजनिक. फॉरवर्डिंग चाललंय का हे तपासायला घरचं वायफाय कधीच वापरू नका, मोबाइल डेटावरून किंवा मित्राकडून तपासा.

भुसावळ_लोको

मी सर्व्हर फाइल न चालवता गेममधूनच 'ओपन टू लॅन' केलं तर चालेल का? टेलस्केल बसवलंय आता.

केळीवाला_रावेर

चालेल, पण मग पोर्ट २५५६५ नसतो. उघडताना चॅटमध्ये आकडा दिसतो, तोच मित्राला द्यायचा. आकडा स्वतः ठरवला नाही तर दर वेळी नवा. आणि तू गेम बंद केलास की जग बंद. रोज खेळायचं असेल तर वेगळा सर्व्हरच बरा.

विंडोजने पहिल्यांदा जावाला परवानगी विचारली तेव्हा कॅन्सल दाबलं असेल तर फायरवॉलमध्ये जाऊन ते परत सुरू कर. टेलस्केलचं जाळंही विंडोज कधी कधी 'पब्लिक' धरतं, तेव्हा परवानगी दोन्हीकडे दे.

चोपडा_इन्व्हर्टर

लाइटचं कुणी बोललं नाही अजून. माझा सर्व्हर चांगला चालतो, पण लाइट गेली-आली की दुसऱ्या दिवशी कुणी जोडत नाही. मी काहीही बदललेलं नसतं.

रात्रपाळी_एनओसी

दोन गोष्टी एकदम होतात. राउटर उठला की पीसीला घरातला पत्ता नव्याने वाटतो, काल .७ होता तो आज .१२. फॉरवर्डिंगचा नियम अजून .७ कडेच बोट दाखवतोय, तिथे आता टीव्ही बसलाय. उपाय: राउटरमध्ये डीएचसीपी रिझर्व्हेशन शोधा आणि पीसीच्या मॅक पत्त्याला (त्याच्या नेटवर्क कार्डाच्या ओळखक्रमांकाला) .७ कायमचा बांधून टाका.

दुसरं, बाहेरचा सार्वजनिक पत्ताही बदलतो. त्यासाठी डायनॅमिक डीएनएस: डकडीएनएस किंवा नो-आयपीवर एक नाव घ्या, पीसीवर त्यांचा छोटा प्रोग्रॅम ठेवा, तो नवा पत्ता कळवत राहतो. मित्रांनी आकड्याऐवजी ते नाव टाकायचं. माइनक्राफ्ट जावाला स्वतःचं डोमेन असेल तर एसआरव्ही नोंद (डोमेनमध्येच पोर्ट लिहून ठेवणारी) करून पोर्टही लपवता येतो.

आणि राउटरला बारा व्होल्टचा छोटा यूपीएस लावा, पण आधी अ‍ॅडॉप्टरवर किती व्होल्ट लिहिलंय ते बघून. फायबरचा डबा वेगळा असेल तर तोही त्यावर. पीसी इन्व्हर्टरवर नसेल तर जग लिहिताना मधेच वीज गेली की फाइल खराब होते, मग बॅकअप नसेल तर कपाळावर हात. दर रात्री जगाचा फोल्डर दुसरीकडे कॉपी होईल असं लावून ठेवा.

चोपडा_इन्व्हर्टर

रिझर्व्हेशन सापडलं, टीव्हीच बसला होता तिथे! मे महिन्यात लॅपटॉप तरी कसा जगवायचा तेवढं सांगा, दुपारी खोलीत भाकरी भाजता येईल.

बापू_पाचोरा

माठाशेजारी ठेवा.

यावल_रायडर

ज्याला बघायचंय त्याने माझ्या सर्व्हरवर या, ऑनलाइन मोड बंद ठेवलाय, कुणीही येऊ शकतं: [पत्ता काढला – संपादक]

संपादक

यावल_रायडर, वर धागाकर्त्याने नको म्हटलंय. पत्ता काढला आहे.

रात्रपाळी_एनओसी

बरं केलंत. ऑनलाइन मोड (येणाऱ्याचं खातं खरं आहे का ते तपासणं) बंद आणि व्हाइटलिस्टही नाही, म्हणजे कुणीही तुझंच नाव लावून आत येईल आणि सर्व्हर त्याला मालक समजेल, कारण नाव खरं आहे का हे तो विचारतच नाही. आणि पत्ता लपवला म्हणजे सुटलो असंही नाही. २५५६५ वर कोण ऐकतंय ते शोधत अख्खं इंटरनेट चाळणारे प्रोग्रॅम दिवसरात्र फिरतात, तुझा सर्व्हर त्यांना आपोआप सापडतो. व्हाइटलिस्ट लाव.

सर्व्हरची आवृत्तीही जुनी ठेवू नका. डिसेंबर २०२१ मध्ये लॉग४जेचं (जावा प्रोग्रॅममध्ये नोंदी लिहिणाऱ्या भागाचं) भगदाड सापडलं तेव्हा नुसता चॅटमध्ये एक मजकूर टाकून जावा सर्व्हरचा ताबा घेता येत होता. १.१८.१ मध्ये ते बुजवलं. कुणी हौसेने त्याआधीची आवृत्ती चालवत असेल तर मोजांगने (माइनक्राफ्टच्या कंपनीने) दिलेला उपाय लावल्याशिवाय पोर्ट उघडू नये.

यावल_रायडर

लावली व्हाइटलिस्ट. खरंच दोन अनोळखी नावं आत फिरून गेली होती, लॉगमध्ये दिसली.

तोरणमाळ_धुकं

एवढं सगळं करण्यापेक्षा सहा जणांत वर्गणी काढून मुंबईतला सर्व्हर भाड्याने घेणं स्वस्त पडतं, हे माझं मत. सीजीनॅट नाही, लाइट नाही, राउटर नाही. पत्ता मिळतो, टाकायचा.

गिरणाकाठ

ज्यांना नुसतं खेळायचंय त्यांच्यासाठी बाडिस (बाय डिफॉल्ट सहमत). घेताना ठिकाण मुंबई आहे ना ते बघा, स्वस्तातले कित्येक सिंगापूर किंवा युरोपातून देतात. आणि व्हॅलहाइमवाल्यांनो, सर्व्हर क्रॉसप्लेवर (वेगवेगळ्या यंत्रांवरच्यांना एकत्र खेळू देणाऱ्या मोडवर) सुरू केला तर जॉइन कोड मिळतो, पोर्ट फॉरवर्डिंगशिवाय काम होतं. सीजीनॅटवाल्यांनी आधी तेच करून बघा.

पारोळेकर

काकासना राउटरवर खरा पत्ता निंघना. मना राउटर अ‍ॅक्सेस पॉइंट करा, फॉरवर्ड करं, लागी गयं भो! पन काका म्हनस आते माले बी शिकाड.

जामनेर_जुना

रस्टचं विचारायचं राहिलं. काल संध्याकाळपर्यंत क्लायंट-कनेक्टने मुंबईच्या सर्व्हरवर व्यवस्थित जात होतो. आज सकाळपासून तोच पत्ता, तोच पोर्ट, आणि जोडत नाही. आवृत्तीबद्दल काहीतरी येतंय.

तोरणमाळ_धुकं

काल महिन्याचा पहिला गुरुवार होता. रस्टचा सक्तीचा वाइप (सगळ्या सर्व्हरवरची जगं पुसून नवी सुरुवात) त्या दिवशी येतो, आपल्याकडे रात्री साडेअकरा-साडेबाराच्या सुमाराला. त्यांनी सर्व्हर अपडेट केला, तुझ्या स्टीमने गेम अजून केला नसेल. स्टीम पूर्ण बंद करून उघड, अपडेट उतरू दे, मग तोच पत्ता टाक.

जामनेर_जुना

उतरतंय. १४ टक्के. नेट आपलं जामनेरचं.